डोकरीचं गोंदण

गेल्या आठवड्यात नंदुरबारच्या कुठल्याशा मंडळाकडून फोन आला. माझा सत्कार करायचाय म्हणे. फोनवरचा माणूस फार गोड बोलत होता. "मॅडम, तुम्ही अष्टपैलू आहात. पडद्यामागच्या कलाकाराला कोणी विचारत नाही, म्हणून यंदा आम्ही ठरवलं." मी म्हटलं, कोणी विचारत नाही तेच बरं आहे, तुम्हीही विचारू नका. तो हसला. त्याला वाटलं, बाई विनयाने बोलतायत. विनय माझ्यात पहिल्यापासून नाही. आमच्या चर्चमधल्या कुठल्याही बाईला विचारा.

अष्टपैलू या शब्दाचा मला राग आहे. मोठ्या शहरातल्या सिनेमात मेकअपचा माणूस वेगळा, कपड्यांचा वेगळा, आवाजाचा वेगळा, एडिटिंगचा वेगळा. आमच्या भुतांच्या सिनेमात ही सगळी माणसं मिळून मी एकटी होते. माणसं ठेवायची नव्हती, म्हणून सगळं एकीच्या गळ्यात अडकवलं आणि वर तिला अष्टपैलू म्हटलं. ज्याने अडकवलं त्याचं नाव मात्र सुरुवातीलाच मोठ्या अक्षरात यायचं: लेखक, निर्माता, दिग्दर्शक. ती पाटी मीच टाइप करायचे आणि तो मागे उभा राहून अक्षर अजून मोठं करायला सांगायचा. माझं नाव शेवटच्या आभारात, चहावाल्याच्या खाली असायचं.

माझं माहेर नवापूरकडच्या डोंगरात, गुजरातच्या हद्दीला लागून. घरची थोडी भातशेती, ती उरकली की आईबाप ऊस तोडायला पलीकडे जायचे. आम्ही ख्रिस्ती. गुड फ्रायडेला चर्चच्या आवारात नाटक व्हायचं आणि येशूच्या अंगावरचं रक्त करायचं काम माझ्याकडे असायचं. पहिल्या वर्षी कुणीतरी गुलाल कालवून दिला होता. उन्हात तो गुलाबी दिसला आणि मागे बसलेली माणसं हसली. मला इतका संताप आला की पुढच्या वर्षी मी बीट किसून त्याचा रस गुळाच्या पाकात आटवला आणि वरून चिमूटभर कॉफी घातली. वाळल्यावर ते खऱ्यासारखं काळपट झालं. त्या वर्षी हसायची कुणाची छाती झाली नाही. पुढे सगळ्या सिनेमांत मी हेच रक्त वापरलं. त्याला मुंग्या लागतात, एवढीच त्याची खोड.

शाळा संपल्यावर मी नंदुरबारला एका पार्लरमध्ये कामाला लागले. तिथे हा दिग्दर्शक भेटला. तेव्हा तो लग्नाचे व्हिडिओ काढायचा. एका नवरीच्या गालावर भाजल्याचा डाग होता, तो मी असा झाकला की सासरच्यांनाही दिसला नाही. याने मात्र ते बारकाईने पाहिलं होतं. मला बाजूला घेऊन म्हणाला, "ताई, तुले डाग दपाडता येस, मंग काढता बी येत व्हई ना?" मी म्हटलं, डाग झाकता येतो तशी जखम रंगवताही येते की. ते हो म्हणणं मला फार महाग पडलं.

खान्देशात अहिराणी विनोदी व्हिडिओंना तोटा नाही. जो उठतो तो लुंगी नेसून बायकोचा मार खातो. याला ते नको होतं, याला भुतं हवी होती. मग मी पार्लरमधली खोट्या नखांची पावडर घोटून सुळे बनवायला शिकले. पोत्याच्या सुतळीचे केस बनवले. मुडद्याच्या अंगासाठी केळीची सालं वाळवून पाहिली, ती सडली, मग कागदाचा लगदा वापरला. नरकाचा प्रसंग आम्ही नंदुरबारच्या मिरचीच्या पथारीवर काढला, कारण तिथे नजर जाईल तिथवर लाल मिरची वाळत पडलेली असते आणि लाल रंग फुकट मिळतो. पापी लोक शिंकून शिंकून बेजार झाले. यमदूताच्या डोळ्यांतून पाणी थांबेना. दिग्दर्शक तेवढा तोंडाला उपरणं बांधून छत्रीखाली बसला होता.

किंकाळ्या माझ्या. सगळ्या सिनेमांतल्या सगळ्या बायका माझ्याच आवाजात किंचाळतात. पार्लरचं शटर ओढून, कपड्यांच्या कपाटात तोंड घालून मी त्या रेकॉर्ड केल्या आहेत. सिनेमातल्या रात्रीही मी दुपारच्याच केल्या. रात्री दिवे लावून शूटिंग करायची आमची ऐपत नव्हती आणि कामाला येणाऱ्या बायकांना दिवेलागणीच्या आत घरी पोचायचं असायचं. म्हणून भर उन्हात शूटिंग करायचं आणि मी कॉम्प्युटरवर त्याला निळं-काळं करायचं. एडिटिंग मी त्याच्या स्टुडिओत बसून शिकले. कुठे कापलं की माणूस दचकतो, कुठे कापलं की त्याला खोटंही खरं वाटतं, हे मला तिथे कळलं. या कामाचा मला अभिमान आहे. अभिमान आहे म्हणूनच पुढे जे झालं त्याचा राग जात नाही.

त्याने डाकिणीचा सिनेमा काढायचं ठरवलं.

वाचणारा कुठे लांब बसून वाचत असेल तर त्याच्यासाठी सांगते. आमच्या जिल्ह्यात डाकीण ही सिनेमातली गोष्ट नाही. वरच्या पाड्यांवर कुणाचं पोर आजारी पडलं, कुणाची म्हैस मेली की भगताला विचारतात. भगत एखाद्या बाईकडे बोट दाखवतो. बहुतेक ती म्हातारी असते, एकटी असते, तिचं घर कडेला असतं. त्यानंतर ती बाई पाड्यावर धड जगू शकत नाही. कधी कधी जगतच नाही. हे आम्हाला सगळ्यांना लहानपणापासून ठाऊक आहे. त्यालाही ठाऊक होतं.

धडगावच्या बाजारात एक डोकरी, म्हणजे म्हातारी, आमचूर विकायला बसायची. वरच्या एका पाड्यावरची, नवरा गेलेला, मुलगा गुजरातेत कामाला. उन्हाळ्यात कैऱ्या कापून वाळवायच्या आणि टोपलीत घालून बाजारात आणायच्या, त्यावर तिचं वर्ष निघायचं. तिच्या कपाळावर गोंदण होतं, चंद्राची कोर आणि तिच्या एका बाजूने निघालेली बारीक फांदी. चेहरा सगळा सुरकुत्यांचा, डोळे मात्र धारदार. दिग्दर्शकाने तिला पाहिलं आणि माझ्या कानाशी येऊन म्हणाला, "हिले मेकअपनी गरजच नही. देख ना, कसा चेहरा शे."

मी तिथेच विरोध केला. म्हटलं, शहाद्याहून एखादी नाटकातली बाई आणा, मी तिला रबर लावून म्हातारी करते. जी बाई खरंच पाड्यावर एकटी राहते तिला डाकीण करू नका. त्याने ऐकलं नाही. त्याने डोकरीला गोष्ट सांगितली आणि गोष्ट खरोखर चांगली होती. शेवटी कळतं की डाकीण वगैरे कुणी नाही, भगतच जमिनीसाठी सगळं करत होता, आणि डोकरी भर पंचायतीत उभी राहून त्याचे वाभाडे काढते. त्या एका प्रसंगासाठी ती तयार झाली. तिच्या बोलीतलं मला अर्धंच कळायचं आणि माझं तिला अर्धं, पण एवढं समजलं की तिच्या बहिणीवर कधीकाळी असंच बोट दाखवलं होतं. भगताला चारचौघांत बोलायला मिळणार, म्हणून ती हसत होती. शूटिंगला तिने स्वतःची झोपडी दिली, स्वतःचे कपडे, स्वतःची चूल.

ती काम सुंदर करायची. मी तेव्हा मनात ठरवलं, निदान तिचा चेहरा कुणाला ओळखू येऊ द्यायचा नाही. भगताच्या खोट्या गोष्टीत डाकीण लेकराचं काळीज खाते, त्या प्रसंगासाठी मी तिला जाड मेकअप केला. सुळे लावले, सुतळीचे केस लावले, आणि कपाळावर इतका लेप दिला की गोंदण पार बुजलं. दिग्दर्शक आला, पाहिलं आणि म्हणाला, "गोंदन दिसू दे. लोकसले खरं वाटाले जोयजे." मी नाही म्हटलं. आमची तिथेच जुंपली. शेवटी त्याने माझ्या पेटीतलं खोबरेल घेतलं, कापसाचा बोळा केला आणि स्वतःच्या हाताने तिचं कपाळ पुसलं. चंद्राची कोर आणि फांदी स्वच्छ दिसायला लागली. मग डोकरीने शहाद्याची पिकली पपई खाल्ली, माझ्या रक्तात भिजवलेली, आणि कॅमेऱ्यात ती लेकराचं काळीज खात होती.

सिनेमा पूर्ण झाला. भगताचे वाभाडे काढणारा शेवट मी मनापासून एडिट केला, त्यात डोकरीने कामात बाकी सगळ्यांना मागे टाकलं. कुठल्या तरी अंधश्रद्धाविरोधी सभेत तो दाखवला गेला आणि दिग्दर्शकाला प्रशस्तिपत्र मिळालं. ते त्याने स्टुडिओत काचेच्या फ्रेममध्ये लावलं.

पण आमच्याकडे सिनेमा सभेत बघत नाहीत. आठवडे बाजारात मोबाइलची दुकानं लागतात, तिथे लोक मोबाइलमध्ये गाणी आणि व्हिडिओ भरून घेतात. अख्खा सिनेमा कोण भरतो? दुकानदाराने त्यातला चटकदार तुकडा कापला. डोकरी, सुळे, काळीज, गोंदण. आधीचं काही नाही, नंतरचं काही नाही, कुणाचं नाव नाही. तो तुकडा या मोबाइलमधून त्या मोबाइलमध्ये असं करत डोंगरावर चढला. ज्या पाड्यांना शेवट दाखवायला हवा होता तिथे शेवट कधी पोचलाच नाही.

पावसाळ्यानंतर मी धडगावला गेले तेव्हा डोकरी तिच्या नेहमीच्या जागी बसली होती. टोपली शिगोशीग भरलेली. शेजारच्या बायकांनी आपापली पथारी लांब सरकवली होती, तिच्या दोन्ही बाजूंना मोकळी जागा होती. डाकिणीच्या हातचं आंबट कोण घेणार? तिने मला ओळखलं आणि तोंड फिरवलं. मी बसून राहिले. मग हळूहळू तिने सांगितलं. हातपंपावर ती गेली की बायका हंडे उचलून चालायला लागतात. खालच्या घरातल्या पोराला ताप येतोय आणि उतरत नाहीये. घरचे भगताकडे जायचं म्हणतायत. ती अगदी साध्या आवाजात बोलत होती, रडत वगैरे नव्हती. मी मात्र ताडकन उठले, कारण भगताने बोट कुठे दाखवायचं हे त्याला मोबाइलने आधीच सांगून ठेवलं होतं.

तशीच मी नंदुरबारला दिग्दर्शकाच्या स्टुडिओत गेले. म्हटलं, उठा, पाड्यावर चला, लोकांसमोर सांगा की हा सिनेमा होता. तो खुर्चीतून हललासुद्धा नाही. "मी काय करू? लोके शेवट देखतसच नही. मन्हा पिच्चर तं अंधश्रद्धाना इरोधमा शे." आणि भिंतीवरच्या फ्रेमकडे बोट केलं.

"तुन्ही माय तठे बठेल ऱ्हाती तं?" मी विचारलं.

"तू बी ना ताई. कसाले इतली तापी ऱ्हायनी? शेवटना सीन टाकी देसू मोबाइलवर."

मी त्याला जे बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही. जाता जाता ती फ्रेम काढून मी उलटी लावली. त्याने माझ्यादेखत उठून ती सरळ केली. डोकरीसाठी जो माणूस खुर्चीतून उठला नाही तो त्या काचेसाठी उठला. त्या दिवसापासून मी त्याचं तोंड पाहिलेलं नाही आणि पाहायची इच्छाही नाही.

त्याने शेवटचा सीन खरंच टाकला. कुणी बघितला नाही. वाभाडे काढणारी म्हातारी कोण बघतं, काळीज खाणारी बघतात. मला हे आधीच कळायला हवं होतं असं नाही, मला ते कळतच होतं, हाच तर माझा धंदा. एका तुकड्याला दुसऱ्या तुकड्यानेच हाणावं लागतं, आणि तो पहिल्यापेक्षा चटकदार असावा लागतो.

पुढच्या बाजाराला मी मेकअपची पेटी घेऊन धडगावला गेले. डोकरीच्या शेजारच्या मोकळ्या जागेत सतरंजी टाकली, आरसा मांडला आणि मेकअप करायला बसले, तिला नाही, स्वतःला. आधी चेहरा पांढरा केला, मग सुरकुत्या काढल्या, मग सुतळीचे केस. माणसं जमायला लागली. सुळे लावले तशी गर्दी वाढली. शेवटी आरशात बघून कपाळावर काजळाने गोंदण काढलं, कोर आणि फांदी. कुणीतरी मागून ओरडलं, "अरे, हाई तं तीच शे!"

मी उभी राहिले. अहिराणीत सांगितलं, हिंदीत सांगितलं, माझ्या माहेरच्या डोंगरातल्या आदिवासी कोकणीत सांगितलं. मोबाइलमधली ती डाकीण मी आहे. ही म्हातारी नाही, मीच. हे खोटं होतं आणि मी ते छातीठोकपणे बोलले. डोकरी खालून माझ्याकडे बघत होती. पपई मी घरूनच भिजवून आणली होती. ती दोन्ही हातांत धरून मी खाल्ली, रक्त हनुवटीवरून गळ्यावर ओघळू दिलं, आणि ज्या ज्या मोबाइलने मला टिपायला मान वर केली होती त्याच्याकडे नीट, न हलता, सावकाश बघितलं. उजेड चेहऱ्यावर पडेल अशी उभी राहिले. एक लेकरू रडायला लागलं.

त्यानंतर मी खोबरेल काढलं आणि सगळं पुसून टाकलं. माझा साधा चेहरा बाहेर आला. तोवर मोबाइल खिशात गेले होते आणि माणसं पांगली होती. मी एडिटर आहे. कात्री कुठे लागणार ते मला उभी राहण्याआधीच दिसत होतं, आणि तिथेच ती लागावी अशी माझी इच्छा होती.

नवा तुकडा जुन्यापेक्षा जास्त चालला. त्यात भर बाजार होता, दिवसाचा लख्ख उजेड होता, आणि बाई स्वतःच्या तोंडाने कबूल करत होती. खालच्या घरातलं पोर दवाखान्यातल्या गोळ्यांनी बरं झालं. तोवर भगताला विचारलं होतंच, पण त्याने बोट पाड्याच्या बाहेर, लांब शहराकडे दाखवलं म्हणे. एवढा हुशार तो होताच. डोकरीच्या दोन्ही बाजूंच्या बायका हळूहळू परत सरकत आल्या. हिवाळ्यात मी तिची टोपली निम्मी रिकामी पाहिली.

तिने आभार मानले नाहीत आणि मानले असते तर मी चिडले असते. ती एवढंच म्हणाली की तू गोंदण उलटं काढलंस, फांदी दुसऱ्या बाजूला गेली. आरशात बघून काढलं होतं, उलटं होणारच. पेटीतला काजळाचा ब्रश काढून तिने माझ्या हाताच्या पाठीवर ते बरोबर काढून दाखवलं.

धडगावला जाणाऱ्या जीपमध्ये आता माझ्या शेजारी कुणी बसत नाही. बाकीच्या सीटवर माणसं एकमेकांच्या मांडीवर बसतील, पण माझ्या बाजूला नाही. चर्चमधली एक बाई माझ्यासाठी दर रविवारी प्रार्थना करते आणि ते मला मुद्दाम येऊन सांगते. पार्लरमध्ये डोंगरावरच्या नवऱ्यामुली यायच्या, त्या बंद झाल्या. मला याचं वाईट वाटतं. वाटत नाही असं दाखवायला मी काही संत नाही. पण मला माघारी नंदुरबारला यायला खोली आहे, दाराला कडी आहे, आणि माझ्या वाटेला जाणाऱ्याला मी सोलून काढू शकते. त्या डोकरीकडे यातलं काही नव्हतं.

सत्काराच्या माणसाचा काल परत फोन आला. स्टेजवर मोठा पडदा लावणार आहेत. "मॅडम, तुम्ही कायम पडद्यामागे राहिलात, आमच्याकडे तुमचा एकही व्हिडिओ नाही. तुमच्याकडे स्वतःची एखादी क्लिप आहे का?" मी म्हटलं, आहे, एकच आहे, पाठवते.

पाठवली.  मग मेसेज आला, "मॅडम, ही तर ती डाकीण. ही तुम्ही आहात?"

मी लिहिलं, "हो. ती मीच."